बासष्ट टक्के

दुपारी दोनला सुरू केलं.
साखर पेठेत पत्र्याला हात लावायची सोय नव्हती.
लॅपटॉपखाली स्टीलचं ताट,
ताटाखाली ओला टॉवेल,
किनार वाकडी गेली म्हणून कारखान्यानं नापास केलेला.

तयार पॅकेज होतं, एका ओळीत बसलं असतं.
पण त्याला सोळा बिटांचं चित्र वाचता येत नव्हतं
आणि राजमल्लू मास्तरांचा नक्षीचा कागद
आता इतका पिवळा
की आठ बिटांत पेन्सिल कुठली, डाग कुठला, सगळं एकच.

म्हणून सोर्स उतरवला.
रीडमी वाचली, औषधाची चिठ्ठी वाचतात तशी,
शेवटची ओळ आधी.

कॉन्फिगर म्हणालं, टिफची लायब्ररी नाही.
ती आणली. तिला झेडलिब हवी.
झेडलिब घरातच होती, तिच्या हेडर फाइली नव्हत्या.
माणूस लग्नाला आला, आहेर घरी राहिला.

मग मेक.
ओळी धावायला लागल्या. वॉर्निंगवर वॉर्निंग:
हे व्हेरिएबल घेतलं, वापरलं नाही.
हे फंक्शन म्हातारं झालं, दुसरं बघा.
आमच्या बोळात विड्या वळता वळता बायका असंच बोलतात,
कुणाचा हात थांबत नाही.

खाटेवरून नान्ना विचारतात, "शिजलं का?"
"चौदा टक्के."
"डाळ असती तर आतापर्यंत लागली असती."

दरवर्षी पुण्याहून कुणीतरी येतं,
जॅकार्डच्या पुठ्ठ्यांची माळ बघतं आणि म्हणतं,
अहो, हाच तर पहिला कॉम्प्युटर!
नान्ना हो म्हणतात. चहा पाजतात.
पाहुणे गेले की मला हळूच,
"मग त्या कॉम्प्युटरला पण खोकला होतो का गं?"

बासष्टवर थांबलं.
लाल अक्षरं. एक फाइल, ओळ चारशे अठरा.
उघडली. वर कुणीतरी लिहून ठेवलेलं,
दोन हजार चार साल, नावाची दोनच अक्षरं:
हे चूक आहे. चालतं. हात लावू नका.
कुठला असेल हा माणूस, रात्री किती वाजता वैतागला असेल,
त्याच्याकडे पंखा होता का.

मी हात लावला.
लायब्ररीनं मधल्या काळात एका फंक्शनचं नाव बदललं होतं,
तेवढंच. सासरी गेलेल्या मुलीला
जुन्या आडनावानं हाका मारत बसलो होतो.

सहाला लाइट गेली. आठला आली.
पुन्हा मेक. बोळातले माग पण तेव्हाच सुरू झाले,
त्यामुळे शंभर कधी झाले
ते ऐकू आलं नाही, दिसलं.

कागद चढवला. पिवळा काढून टाकला.
काळा थोडा ओढला, आणखी थोडा.
चौकडीतून मोर वर आला, पिसाऱ्यासकट,
आणि समासात, जिथं आम्हाला आजवर नुसता डाग दिसायचा,
पेन्सिलीची एक ओळ. तेलुगूत.

मला तेलुगू बोलता येतं.
वाचता येत नाही, शाळा मराठी.
नान्नांना वाचता येतं,
मोतीबिंदू वाचू देत नाही.

चारशे टक्के मोठं केलं. एक एक अक्षर अख्ख्या पडद्यावर.
"गोल आहे. वर टिकलीसारखं काहीतरी. शेपूट उजवीकडे."
नान्ना हवेत बोट फिरवतात, मग अक्षर म्हणतात.
"पुढचं?"
"याचं पोट फुटलंय खाली."
"पोट नाही ते, नीट बघ की."
असं दीड तास. एक अक्षर दोघांनाही लागलं नाही,
ते सोडलं.

मास्तरांनी लिहिलं होतं:
इथे दोन दोरे चुकलेत, मोर लंगडा झाला.
मालकाला तसाच आवडलाय. बदलू नये.

नान्ना हसले, खोकले, परत हसले.
म्हणाले, "चाळीस वर्षं विणला मी तो.
मला वाटायचं, माझाच माग वाकडा."

मेक इन्स्टॉल अजून केलेलं नाही.
ताट उचललं तर टॉवेल
कधीचाच वाळून गेला होता.